बोलक्या तुरीनं डोकं उठवलं राव

दरसाली तेच. पऱ्हाटीत, म्हंजे कपाशीत, तुरीचे तास (ओळी) सगळेच टाकतात, आमच्या बाबानं त्यात दोन तास बोलक्या तुरीचे टाकले, बी फुकट भेटलं म्हणून, झालं. जून-जुलैत पेरली की दिवाळीच्या आगंमागं फुलावर येते, आन फुलावर असताना जे कानी पडंल ते शेंगेत भरून घेते, जानेवारीत शेंग तडकली का सगळं बाहेर.

आता फुलोऱ्याच्या टायमाला वावरात काय चांगलं बोलणं असते का बाप्पा? रात्री लाइन येते आन जाते, तवा स्टार्टरजवळ उभा राहून मी देल्या त्या शिव्या, रोही आन रानडुकरं हाकलायचं हुर्रर्र, आन शेजारचा काका धुऱ्यावर बसून अर्धा अर्धा तास फोनवर सुनेचं गाऱ्हाणं सांगते ते. परवा मळणी लावली तर थ्रेशरमधून काकाच बोलाले लागला, "चहात साखरच टाकत नाही वो ते", आन सून तिथंच टोपलं घेऊन उभी! भांडण आलं माझ्या अंगावर, काका गेला विडी प्याले.

अडत्यानं मूठभर दाणे कानाले लावले, माझी शिवी आयकली न् भाव पाडला, माल शिवराळ आहे म्हणे.

आई म्हणते फुलोऱ्यात मोबाइलवर भजन लाव. लावलं होतं ना माय औंदा! भजन नाही धरलं, मधातली जाहिरात तेवढी बरोब्बर धरली. आता कुकरची शिट्टी झाली का वरण लोनची ऑफर सांगते.