‘प्रतिवादी मागाहून कधीही जोडता येतो’ हे अर्धेच खरे आहे

पुण्यातल्या सोसायट्यांच्या आणि प्लॉटधारकांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर फिरणाऱ्या एका मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: ‘दावा मुदतीत लावून टाका. एखाद्या प्रतिवादीचे नाव राहिले तरी ऑर्डर 1 रूल 10 प्रमाणे कोणत्याही टप्प्यावर जोडता येते. उशीर झाला तर विलंब माफीचा अर्ज द्या. कोर्टाने अर्ज मंजूर केला की मुदतीचा प्रश्न मिटला.’ यातले पहिले वाक्य चांगले आहे. पुढच्या तिन्हींवर विसंबून कोणी गाफील राहिला, तर आयुष्याची जमवलेली रक्कम अडकू शकते.

‘कोणत्याही टप्प्यावर’ हे शब्द दिवाणी प्रक्रिया संहितेत खरोखर आहेत, आदेश 1 (ऑर्डर 1) नियम 10 च्या पोटनियम 2 मध्ये. मेसेज लिहिणारा तिथेच थांबला. त्याच नियमाचा पोटनियम 5 मुदतीच्या जुन्या कायद्यातल्या एका तरतुदीकडे नेतो, आणि आज ती तरतूद म्हणजे 1963 च्या मुदत कायद्याचे कलम 21. दावा दाखल झाल्यावर नवा प्रतिवादी जोडला, तर त्याच्यापुरता दावा तो पक्षकार झाला त्या दिवशी दाखल झाला असे धरायचे, असे ते सांगते. म्हणजे एकाच दाव्यात दोन प्रतिवादींसाठी दाव्याच्या तारखा दोन असू शकतात.

एक काल्पनिक उदाहरण घेऊ. हडपसरची जमीन भाऊ आणि बहीण दोघांच्या नावे. साठेखतावर भावाने स्वतःसाठी आणि बहिणीच्या कुलमुखत्यारपत्रावर तिच्यासाठीही सही केली. खरेदीखताची ठरलेली तारीख 31 मे 2022. करार पुरा करून मागण्याच्या दाव्याला मुदत कायद्याच्या अनुच्छेद 54 प्रमाणे तीन वर्षे, म्हणजे 31 मे 2025 पर्यंत. खरेदीदाराने एप्रिल 2025 मध्ये दावा लावला, पण फक्त भावावर. बहिणीला जोडले नोव्हेंबरमध्ये. भावापुरता दावा मुदतीत. बहिणीपुरता तो मुदतबाह्य. तिच्याशिवाय पूर्ण खरेदीखत होणार नाही, आणि आवश्यक पक्षकारच (ज्याच्याशिवाय निकाल परिणामकारक होऊ शकत नाही तो) नसेल तर भावाविरुद्धचा दावाही डळमळतो. एरवी पक्षकार कमी पडला म्हणून दावा फेटाळता येत नाही, पण आदेश 1 नियम 9 चे हे संरक्षण आवश्यक पक्षकाराच्या बाबतीत मिळत नाही.

विलंब माफीबद्दल तर मेसेज सरळ चुकीचा आहे. मुदत कायद्यातले विलंब माफीचे कलम 5 अपिलांना आणि अर्जांना लागू होते, दाव्याला नाही. गोंधळ कुठून आला असावा हे मला दिसते. दावा चालू असताना प्रतिवादी वारला, तर वारस रेकॉर्डवर घ्यायला 90 दिवस असतात, त्यानंतर दावा त्याच्यापुरता संपुष्टात येतो, आणि तो पुन्हा जिवंत करण्याच्या अर्जाला आणखी 60 दिवस. त्या अर्जाला उशीर झाला तर कलम 5 चालते. तो रस्ता वारसांचा आहे. पहिल्या दिवसापासून जो पक्षकार हवा होता आणि राहून गेला, त्याच्यासाठी तो नाही.

‘अर्ज मंजूर झाला की संपले’ हा सर्वांत घातक भाग, कारण इथे चांगले वकीलही घसरतात. कलम 21 ला एक परंतुक, म्हणजे अपवाद सांगणारी पुरवणी, आहे: नाव राहणे ही सद्भावनेने झालेली चूक होती अशी कोर्टाची खात्री पटली, तर नव्या प्रतिवादीपुरता दावा आधीच्या तारखेला दाखल झाला असे धरण्याचा आदेश ते देऊ शकते. पण असा आदेश वेगळा मागावा लागतो आणि वेगळा मिळावा लागतो. रामलिंगम चेट्टियार विरुद्ध पट्टाभिरामन या 2001 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हेच स्पष्ट केले. नुसती जोडण्याची परवानगी दाव्याची तारीख मागे नेत नाही.

आणि सद्भावना म्हणजे ‘चुकून राहिले’ एवढे लिहिणे नव्हे. जे पुरेशी काळजी आणि लक्ष देऊन केलेले नाही ते सद्भावनेने केलेले मानता येत नाही, अशी व्याख्याच या कायद्याच्या कलम 2 मध्ये आहे. वरच्या उदाहरणात बहिणीचे नाव साठेखतातच होते. तिथे काळजी घेतली होती हे पटवणे फार अवघड. याउलट करुप्पस्वामी विरुद्ध राममूर्ती (1993) मध्ये दावा लावण्याआधीच प्रतिवादी वारला होता, वादीला ते ठाऊक नव्हते, आणि कळताच त्याने वारसांना जोडण्यासाठी पाऊल उचलले. त्याला परंतुकाचा फायदा मिळाला.

दावा चालू असताना प्रतिवादीने प्लॉट तिसऱ्याला विकला, तर त्या नव्या खरेदीदाराला जोडताना कलम 21 चा हा नियम आड येत नाही. पोटकलम 2 मध्ये तशी सूट आहे. विक्री दाव्याच्या आधीची असेल तर मात्र सूट नाही. म्हणून दावा लावण्याच्या आठवड्यात इंडेक्स टू (नोंदणी झालेल्या दस्ताचा गोषवारा), सातबारा आणि फेरफार पुन्हा काढा. जुन्या सर्च रिपोर्टवर भागवू नका.

नाव राहिलेच असेल, तर अर्जात दोन मागण्या स्वतंत्र लिहा: प्रतिवादीला जोडावे, आणि कलम 21 च्या परंतुकाप्रमाणे त्याच्यापुरता दावा मूळ तारखेपासून धरावा. ते नाव कोणत्या कागदावरून, कोणत्या तारखेला कळले, त्याआधी ते का कळू शकले नाही, हे प्रतिज्ञापत्रावर सांगा. आणि ज्यांना उशिरा समन्स आले आहे त्यांनी कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) मुदतीचा मुद्दा पहिल्याच फेरीत घ्यावा. कोणी तो उपस्थित केला नाही तरी मुदत तपासणे कलम 3 प्रमाणे कोर्टाचे काम आहेच, पण दुसरी मागणी मंजूर झाली होती की नाही हे रोजनाम्यातून (कोर्टाच्या तारीखवार नोंदींतून) शोधून कोर्टापुढे ठेवायला तुमच्या वकिलाइतका उत्सुक दुसरा कोणी नसेल.