वीसचा फ्यूज दोन पावसाळे ‘बिनतक्रार’ चालतो तेव्हा : एका प्रतिक्रियेला उत्तर

महोदय,

घरच्या मोटारीतील फ्यूज शोधणे आणि बदलणे या विषयावरील माझ्या लेखावर आपण सविस्तर आणि रोखठोक प्रतिक्रिया लिहिलीत, त्याबद्दल आभार. इतर वाचकांसाठी आपले म्हणणे आधी थोडक्यात नोंदवतो. आपली गाडी गुहागरच्या बाजूला, समुद्रापासून हाकेच्या अंतरावर उभी असते. तिच्या वायपरचा १५ अँपिअरचा फ्यूज दोनदा गेला, तेव्हा चिपळूणच्या एका वायरमनने त्या जागी २० चा बसवला आणि पुढचे दोन पावसाळे वायपर बिनतक्रार चालला. त्यामुळे ‘आकडा वाढवू नये’ हा माझा आग्रह आपल्याला पुस्तकी वाटतो. खरोखरच शॉर्ट झाला तर २० चाही उडेलच, असे आपण म्हणता. दुसरा आक्षेप हॉर्नचा आहे. त्याचा फ्यूज आपण काढून पाहिलात, आतली पट्टी शाबूत होती, तरी हॉर्न वाजत नव्हता; तोच फ्यूज परत खोचल्यावर मात्र वाजू लागला. म्हणजे फ्यूज पाहून दोष ओळखता येतो हे माझे म्हणणे आपल्या मते फोल ठरते. तिसरा सवाल असा की, भर जुलैत रात्री कुंभार्ली घाटात वायपर बंद पडला, तर माणसाने गाडीचे पुस्तक उघडून बसायचे काय?

पहिल्या मुद्द्याला सर्वांत जास्त जागा देतो, कारण तो अर्धा बरोबर आहे आणि त्यामुळेच पटकन पटतो.

फ्यूज वायपरच्या मोटरची राखण करतो असा सर्वसाधारण समज आहे. वस्तुतः तो फ्यूजपेटीपासून मोटरपर्यंत गेलेल्या वायरची राखण करतो. त्या वायरला किती प्रवाह सोसवेल याचा हिशेब करूनच कारखान्यात फ्यूजचा आकडा ठरतो. आता, धन बाजूची वायर सोलवटून थेट गाडीच्या पत्र्याला टेकली तर शेकडो अँपिअर प्रवाह वाहतो आणि १५ चा काय, २० चा काय, कोणताही फ्यूज क्षणात उडतो. आपण म्हणता तो शॉर्ट हाच, आणि त्यापुरते आपले म्हणणे बिनचूक आहे. धोका असतो तो अर्धवट बिघाडात. उंदराने आवरण कुरतडलेली वायर ओल्या चिखलातून थोडाथोडा प्रवाह पत्र्याकडे सोडते, किंवा वायपरचे सांधे मिठाने आवळले गेल्यामुळे मोटर नेहमीच्या कितीतरी पट प्रवाह ओढू लागते. अशा वेळी वायरीतून समजा २० अँपिअर वाहू लागले. १५ चा फ्यूज तेवढ्यावर काही मिनिटांत, फार तर अर्ध्या तासात वितळतो. २० चा मात्र जागचा हलत नाही. कारण मोटारीतील या पात्याच्या (दोन चपट्या पायांच्या, खोचायच्या) फ्यूजची घडणच अशी असते की त्याने स्वतःच्या आकड्यापेक्षा दहा टक्के अधिक प्रवाह, म्हणजे २२ अँपिअर, तासन्‌तास निमूटपणे वाहू द्यावा. आणि वायरीत निर्माण होणारी उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढत असल्यामुळे, १५ च्या जागी २० अँपिअर वाहिले तर ती सव्वापट किंवा दीडपट नव्हे, जवळजवळ पावणेदोन पट होते. ३० चा फ्यूज लावून ठेवणारेही मी पाहिले आहेत. त्यांच्या बाबतीत ती चौपट होऊ शकते. हे सगळे डॅशबोर्डच्या मागे, शेजारच्या पंचवीस वायरींसह एकाच काळ्या टेपात गुंडाळलेल्या जुडग्यात घडत असते.

ओल्या काचेवर मोकळेपणी फिरणारा वायपर जेमतेम काही अँपिअरच घेतो, त्यामुळे दोन पावसाळे काही झाले नाही यात नवल नाही. त्यावरून एवढेच सिद्ध होते की या काळात वायरीवर तशी वेळ आली नाही. माझ्या मते आपल्या वायरमनने विचारायला हवा होता तो प्रश्न वेगळाच होता : मुळात १५ चा फ्यूज दोनदा का गेला?

घरच्या मीटरशेजारच्या चिनी मातीच्या किटकॅटमध्ये, म्हणजे तारेच्या जुन्या फ्यूजमध्ये, तांब्याची तार दुपदरी पिळून ‘आता जात नाही’ म्हणणारी पिढी आपल्याकडे अजून हयात आहे, आणि मोटारीच्या बाबतीतही तीच सवय चालते. हेडलाइटचे उदाहरण तर घाटातून ये-जा करणाऱ्या प्रत्येकाच्या ओळखीचे असेल. नेहमीच्या एच-४ बल्बची हाय बीम ६० वॅटची असते, म्हणजे १२ व्होल्टला एका बाजूला ५ अँपिअर. उजेड कमी पडतो म्हणून १०० वॅटचे बल्ब बसवले की हाच आकडा ८ च्या वर जातो. फ्यूजवर सतत पडणारा भार त्याच्या आकड्याच्या तीन चतुर्थांशाच्या आसपास राहावा असा ढोबळ नियम आहे, त्यामुळे त्या बाजूचा १० चा फ्यूज बॉनेटखालच्या उष्णतेत आज ना उद्या जातो. मग तेथे १५ चा येतो, तो टिकतो आणि मालक खूश होतो. काही महिन्यांनी बल्बमागचा पांढरा सॉकेट काढून पाहावा : त्याच्या खाचा तपकिरी होऊन वितळू लागलेल्या असतात आणि सॉकेटालगतची वायर वाकवताना कडकडते, कारण आवरणाचा लवचीकपणा भाजून गेलेला असतो. जास्त उजेड हवाच असेल तर बॅटरीपासून वेगळी जाड वायर, रिले (छोट्या प्रवाहाने मोठा प्रवाह चालू-बंद करणारा स्विच) आणि बॅटरीच्या अगदी जवळ स्वतंत्र फ्यूज, एवढे करणाऱ्याकडूनच काम करून घ्यावे.

आता हॉर्न. आपला हा अनुभव मला पहिल्या मुद्द्यापेक्षा अधिक मोलाचा वाटतो, कारण देशावरच्या वाचकाला तो इतक्या सहज येणार नाही. आतली पट्टी तुटलेली दिसली तर फ्यूज गेला, हे निदान पक्के आहे. पट्टी शाबूत दिसली तर फ्यूज आणि त्याची जागा दोन्ही ठीक आहेत, असे मात्र त्यावरून ठरत नाही. खाऱ्या, दमट हवेत फ्यूजच्या पायांवर आणि ते ज्या चिमट्यात बसतात त्याच्या पत्र्यावर क्षारांचा थर बसतो. फ्यूज उपसून उजेडात धरलात तर पायाच्या कडेला पिठासारखी पांढरी भुकटी दिसते. चिमट्याच्या तोंडाशी तांबे उघडे पडले असेल तर हिरवट. हा थर वीज नीट जाऊ देत नाही. आपण फ्यूज काढून पुन्हा खोचलात तेव्हा पाय चिमट्यात घासले गेले, थर खरवडला गेला आणि हॉर्न वाजला. काही आठवड्यांनी तो पुन्हा मुका होण्याची शक्यता आहे, आणि तसे झाले तर दोष चिमट्यात आहे असे समजावे.

यावर पॉलिश पेपरने पाय घासण्याचा उपाय सर्रास सांगितला जातो. तो करू नये. पायांवर कथलासारख्या धातूचा पातळ मुलामा असतो, तो घासून गेला की पुढच्या पावसाळ्यात गंज अधिक लवकर धरतो. त्याच आकड्याचा नवा फ्यूज घ्यावा आणि चिमट्यात कॉन्टॅक्ट क्लीनरचा फवारा मारून, तो पूर्ण सुकल्यावर बसवावा. एखाद्या फ्यूजचे प्लास्टिक एकाच पायाच्या बाजूने तपकिरी पडून फुगलेले आढळले, तर तेथील चिमटा सैल होऊन तापतो आहे. अशा ठिकाणी नवा फ्यूजही टिकत नाही. तो चिमटा, म्हणजे टर्मिनलच, बदलावा लागतो आणि ते काम वायरमनचे आहे.

नजरेपेक्षा भरवशाची कसोटी टेस्ट लॅम्पची, म्हणजे एका बाजूला टोकदार सळई आणि दुसऱ्या बाजूला वायरीला चिमटा असलेल्या छोट्या दिव्याची. पात्याच्या फ्यूजच्या माथ्यावर धातूचे दोन बारीक ठिपके उघडे ठेवलेले असतात. चावी चालू करून लॅम्पचा चिमटा पत्र्याच्या उघड्या भागाला लावावा आणि टोक दोन्ही ठिपक्यांना आळीपाळीने टेकवावे. दोन्हीकडे दिवा लागला तर फ्यूज चांगला. एकीकडेच लागला तर गेलेला. कोणत्याच ठिपक्यावर लागला नाही तर त्या फ्यूजपर्यंत वीजच पोहोचत नाही, आणि मग मोठा फ्यूज किंवा रिले तपासावा लागतो. आपल्या हॉर्नच्या बाबतीत दोन्ही ठिपक्यांवर दिवा लागून हॉर्न मुका राहिला असता, तर पुढच्या बाजूचा चिमटा नाहीतर हॉर्नची जोडणी यांच्यावर संशय घेता आला असता.

आपल्या तिसऱ्या सवालामागची काळजी रास्त आहे. कुंभार्लीत, धुक्यात, मोबाइलला रेंज नसताना कोणी पुस्तक वाचत बसावे असे मी म्हणणार नाही. म्हणूनच फ्यूजपेट्या घरच्या खळ्यात, दिवसाउजेडी, एकदा शोधून ठेवाव्यात. बहुतेक घरगुती गाड्यांत त्या दोन असतात : एक बॉनेटखाली बॅटरीच्या शेजारी, काळ्या झाकणाची, दुसरी आत, स्टिअरिंगच्या खाली चालकाच्या उजव्या गुडघ्याच्या आसपास. काही मॉडेलमध्ये ती ग्लोव्ह बॉक्सच्या मागे असते. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा असतो. त्याचा मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवावा. तेथेच बहुधा फ्यूज उपसण्याचा प्लास्टिकचा लहान चिमटा अडकवलेला असतो. हाती असलेला आकडा नेहमी त्या नकाशाशी ताडून पाहावा, आधीच्या फ्यूजशी नव्हे. विशेषतः गाडी जुनी विकत घेतलेली असेल, तर आधीच्या मालकाने तेथे काय खोचले आहे याचा भरवसा नसतो. रंग लक्षात ठेवणे सोपे आहे : १० लाल, १५ निळा, २० पिवळा, ३० हिरवा. निळ्याच्या जागी पिवळा दिसला की कोणीतरी आकडा वाढवला आहे असे समजावे.

प्रत्यक्ष घाटात गाडी वळणापासून दूर, डाव्या कडेला, चारही इंडिकेटर लावून उभी करावी. फ्यूजपेटीला हात घालण्याआधी काचेवर पाणी उडवून पाहावे. बऱ्याच गाड्यांत वॉशर आणि वायपर यांचा फ्यूज एकच असतो. वॉशरच्या मोटरचा आवाज आला आणि वायपर हलला नाही, तर फ्यूज बहुधा शाबूत आहे आणि तेथे वेळ घालवण्यात अर्थ नाही. वॉशरही गप्प असेल, तर वायपरच्या मुळाशी साचलेला पाचोळा हाताने काढावा, चावी बंद करावी आणि नवा फ्यूज घालावा. जवळ नसेल तर मोबाइल चार्ज करण्याच्या सॉकेटचा किंवा टेपचा, त्याच आकाराचा आणि त्याच आकड्याचा फ्यूज उसना घ्यावा. आकडा कमी असला तरी चालेल. वायपर संथ गतीवर ठेवला तर तो घाट उतरेपर्यंत टिकण्याचा बराच संभव असतो आणि न टिकल्यास वायरीला अपाय नसतो. ब्रेकचे दिवे, हेडलाइट, हॉर्न आणि एअरबॅग यांच्या फ्यूजला मात्र उसनवारीसाठी हात लावू नये. आणि घातलेला फ्यूज लगेच उडाला तर त्या जागी दुसरा खर्च न करता पाऊस कमी होईपर्यंत थांबावे. सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद गुंडाळून वेळ मारून नेण्याचा सल्ला अजूनही देणारे भेटतात. तसा गुंडाळलेला फ्यूज कोणत्याही आकड्याला उडत नाही, हे वेगळे सांगायला नको.

हे काम सामान्य माणसाने करावेच का, असेही आपल्या प्रतिक्रियेत ओघाने आले आहे. खोचायचे छोटे फ्यूज बदलण्यात जोखीम नगण्य आहे. बॅटरीच्या धन टोकाशी बोल्टने आवळलेले मोठे फ्यूज आणि विजेवर चालणाऱ्या गाड्यांतील नारिंगी केबलींचा पसारा मात्र आपला प्रांत नाही.

आपल्या गाडीपुरते सांगायचे तर नकाशात १५ लिहिले असल्यास आजच १५ चा फ्यूज बसवावा. मग काच भरपूर ओली करून वायपर दोन्ही गतींवर काही मिनिटे चालवावा. कोरड्या काचेवर मोटरवर विनाकारण ताण येतो, म्हणून तशी परीक्षा घेऊ नये. वायपर काचेच्या एका टोकाला रेंगाळत असेल किंवा फ्यूज पुन्हा गेला, तर गाडी वायरमनऐवजी मेकॅनिककडे न्यावी आणि काचेखालची जाळी उघडून, मोटरपासून दांडा सोडवून सांधे हाताने फिरवून पाहायला सांगावे. समुद्रालगत उभ्या असणाऱ्या गाड्यांत हे सांधे मिठाने धरतात आणि हाताला चटकन जड लागतात. ते साफ करून ग्रीस भरणे, नाहीतर दांड्यांचा संच बदलणे, एवढेच काम बहुधा निघेल. जाळी उघडलीच आहे तर तिच्याखालची पाणी जाण्याची भोके पाचोळ्याने आणि लाल मातीने तुंबलेली नाहीत ना, हेही पाहून घ्यावे. ती तुंबली की पाणी आतल्या फ्यूजपेटीपर्यंत झिरपू शकते. दोन पावसाळे २० चा फ्यूज होता, त्यामुळे पेटीपासून निघणाऱ्या त्या वायरीचा दिसेल तेवढा भाग बोटांनी चाचपून पाहायलाही मेकॅनिकला सांगावे. ती मऊ, लवचीक असेल तर काही करायला नको. कडक झालेली किंवा रंग उडालेली आढळली, तर तेवढी वायर त्याच जाडीची नवी टाकून घ्यावी.