‘माती म्हणजे का प्रदूषण?’ या फॉरवर्डला साइटवरून उत्तर

जून लागला की आमच्या बडोद्यातल्या ग्रुपांवर दोन गोष्टी हमखास फिरतात. एक म्हणजे विश्वामित्री नदीतली मगर कुणाच्या तरी अंगणात आल्याचा व्हिडिओ, आणि दुसरा बांधकामवाल्यांची बाजू घेणारा मेसेज. यंदा तो मेसेज मला एका दिवसात चौघांनी पाठवला. त्यातले दोघे दांडिया बाजारातले अगदी भिंतीला भिंत लागून असलेले शेजारी. मजकूर थोडक्यात असा: साइटवरून पावसात वाहते ती निव्वळ माती, निसर्गाचीच वस्तू, ती नदीत गेली तर प्रदूषण कसलं? नदी तशीही गढूळच असते. गाळकुंड (पाण्यातला गाळ खाली बसवायचा खड्डा) आणि माती अडवायच्या जाळ्या हे परदेशी नखरे, लावले तरी पाणी जायचं तसंच जातं. पूर येतो तो आजवा तलावामुळे. आणि या सगळ्याचा खर्च शेवटी फ्लॅट घेणाऱ्याच्या बोकांडी.

मी तीसेक वर्षं साइटवर काढली, बिल्डरांच्याच पगारावर. त्यामुळे बिल्डर म्हटलं की दात-ओठ खाणाऱ्यांपैकी मी नाही. पण मेसेजमधलं अर्धं खोटं आहे, आणि उरलेलं अर्धं खरं असूनही भलत्या ठिकाणी वापरलंय.

‘निव्वळ माती’ आधी घेऊ. मागे एका साइटवर बेसमेंटच्या खड्ड्यात साचलेलं पाणी आमचा मड पंप थेट रस्त्यावर सोडत होता. त्यातलं थोडं मी लोणच्याच्या रिकाम्या बरणीत भरून घरी आणलं आणि खिडकीत ठेवलं. चहा उकळायच्या आत तळाशी रेतीचा थर बसला. वरचं पाणी मात्र तिसऱ्या दिवशीही दुधाळ चहासारखंच होतं. यात जादू काही नाही. ०.१ मिलिमीटरचा रेतीचा कण एक मीटर खाली बसायला दोनेक मिनिटं घेतो. चिकणमातीचा दोन मायक्रॉनचा कण तेवढ्याच अंतराला तीन दिवस घेतो, आणि तेही पाणी ढवळलं नाही तर. म्हणजे रेती तुमच्या गल्लीतल्या चेंबरमध्ये बसते आणि चिकणमाती कांसेतून, म्हणजे शहरातल्या नाल्यातून, नदीपर्यंत जाते. दोघींचा त्रास वेगळा, निघायची जागा एकच.

शिवाय साइटवरून एकटी माती जात नाही. स्लॅब भरून झाला की आरएमसीची, म्हणजे तयार काँक्रीटची, गाडी गेटबाहेर उभी राहून ड्रम धुते, ते दृश्य कुणी पाहिलं नाही? त्या राखाडी पाण्याचा पीएच १२ च्या वर असतो. आपल्याकडे नदीनाल्यात सोडायच्या पाण्याला मर्यादा आहे ५.५ ते ९ ची. पीएचचा एक आकडा वाढला की क्षारता दहापट होते, म्हणजे ९ वरून १२ वर गेलं की हजारपट. कडियाच्या, म्हणजे गवंड्याच्या, बोटांच्या बेचक्यांत सिमेंटने पडलेल्या भेगा एकदा जवळून बघा, मग त्या पाण्यात माशाच्या कल्ल्यांचं काय होत असेल ते वेगळं सांगावं लागणार नाही. डिझेल, शटरिंगचं तेल, रंगाचे डबे धुतलेलं पाणी, हे सगळंही त्याच ओघळात.

‘नदी गढूळच असते, मगरींना तेच आवडतं.’ मगर गढूळ पाण्यात राहते, कबूल. पण ती मासे खाते. पाण्यातल्या वनस्पतींपर्यंत उजेड पोचला नाही आणि माशांचे कल्ले गाळाने भरले, तर मगरीला खायला काय उरणार? आणि पावागढकडून येणारी नदी पावसाळ्यात थोडी लाल होणं वेगळं, खणलेल्या प्लॉटची माती तिच्यात येणं वेगळं. अमेरिकेच्या पर्यावरण खात्याचा ढोबळ अंदाज असा की बांधकामाच्या उघड्या जमिनीवरून शेतीच्या दहा ते वीसपट गाळ वाहतो, आणि जंगलाच्या तर हजार ते दोन हजारपट. (बाकीचे आठ महिने विश्वामित्री काळी असते ती मातीने नव्हे. तो विषय काढला तर आज रात्रीचं जेवण राहील.)

आता ‘परदेशी नखरे’. जलप्रदूषण कायदा १९७४ चा, आपल्याच संसदेने केलेला. त्याच्या २४ व्या कलमात प्रवाहाचं वाहणं अडवून प्रदूषण वाढवणारी वस्तू जाणूनबुजून पाण्यात जाऊ देण्यालाही बंदी आहे. सोडायच्या पाण्यात तरंगता गाळ लिटरमागे १०० मिलिग्रॅमपर्यंत चालतो, म्हणजे चिमटीभर मिठाहूनही कमी. बांधकामाच्या राडारोड्याच्या २०१६ च्या नियमांत तर गटारं तुंबू नयेत असं स्वच्छ लिहिलेलं होतं.

गाळकुंडाचा हिशेब मात्र परदेशी आहे खरा. अमेरिकेत एकरामागे ३,६०० घनफूट जागा मागतात. हा आकडा आला कुठून? एक एकरावर एक इंच पाऊस पडला की तेवढंच पाणी होतं, आपल्या भाषेत एक लाख लिटर. दहा हजार लिटरचे दहा टँकर. आता तुमच्या शेजारच्या प्लॉटकडे बघून सांगा, पहिल्या जोरदार सरीत हे दहा टँकर कुठे जात असतील?

‘जाळी लावली तरी पाणी तसंच जातं’ हे मी स्वतः पाहिलंय, म्हणून त्यावर वाद घालत नाही. पण ती जाळी बघा कशी लावतात. चार बांबू, वर हिरवं शेडनेट, खाली हातभर फट. ती जाळी नव्हे, पडदा! दाट कापड, खालची कड वीतभर चरात पुरून माती ठोकलेली, आणि गाळ निम्म्या उंचीवर यायच्या आत काढलेला, असं असेल तरच ती काम करते. तरीही चिकणमाती तिला दाद देत नाही. म्हणून जाळी ही शेवटची गोष्ट. आधी वरच्या अंगाने येणारं पाणी बांध घालून प्लॉटबाहेरूनच वळवायचं. मग मातीचे ढीग ताडपत्रीने झाकायचे, ज्या भागात पंधरवडाभर काम नाही तो भाग तर नक्कीच. गेटवर जाड कपची (खडी) पसरायची म्हणजे हायवाची (डंपरची) चाकं माती रस्त्यावर नेत नाहीत. पंपाचं पाणी आधी कुंडात, वर निवळलं की मग बाहेर, आणि आरएमसीची गाडी प्लास्टिक अंथरलेल्या खड्ड्यातच धुवायची. हे सगळं मे महिन्यात. जुलैत चिखलात उभं राहून कुणालाच काही करता येत नाही.

३१ जुलै २०१९ सारखा, दिवसभरात वीसेक इंच कोसळणारा पाऊस असलं कुंड पेलणार नाही, असं कुणी म्हणेल. नाहीच पेलणार. पण तसा दिवस एखादा, अर्ध्या-एक इंचाचे दिवस मोसमात कितीतरी.

आजव्याबद्दल मेसेज जवळजवळ बरोबर आहे. ऑगस्ट २०२४ ला नदी ३५ फुटांवर गेली ती साइटच्या मातीने नव्हे. वरचा पाऊस, आजवा आणि नदीकाठच्या बुजवलेल्या कोतरांचा (घळींचा) तो हिशेब आहे. मात्र नदीचा पूर आणि गल्लीत साचलेलं पाणी यांत गल्लत नको. नदी खाली असतानाही तुमच्या सोसायटीत घोटाभर पाणी उभं राहतं, तेव्हा आजव्याला शिव्या देण्याआधी कोपऱ्यावरच्या चेंबरचं झाकण उचलून बघा. भूखी कांस, मसिया कांस दर उन्हाळ्यात उपसायच्या आणि पहिल्या दोन पावसांत पुन्हा भरू द्यायच्या, हा खर्च पालिकेच्या म्हणजे आपल्याच खिशातला.

राहिला फ्लॅट महाग होण्याचा मुद्दा. ताडपत्री, पोती, कपची, जेसीबी हे सगळं साइटवर असतंच, लागतो तो जेसीबीचा एखादा दिवस आणि दोन मजूर. न करण्याचा खर्च मी मोजलाय. समा-सावली रोडकडची एक साइट, गोराडू (रेताड) माती, प्लिंथच्या भरावासाठी कोपऱ्यात रचलेला मोठा ढीग. झाकायला सांगितलं होतं, मालकांना ताडपत्रीचे पैसे जड झाले आणि मीही फार ताणून धरलं नाही. पावसाळ्यात ढिगाचा चांगला तिसरा हिस्सा गेला. शेजारच्या सोसायटीचे दोन चेंबर भरले, ते आम्हीच माणसं लावून उपसले, वर त्यांच्या सेक्रेटरीकाकांची बोलणीही खाल्ली. दिवाळीनंतर भरावाला माती कमी पडली आणि सात हायवा विकत मागवावे लागले. पहिला गेटमधून आत येऊन रिकामा झाला तेव्हा दाहोदचा आमचा मुकादम मूठभर माती हातात चोळत म्हणाला, “साहेब, ही तर आपलीच दिसतेय.”