न्यूयॉर्कची सबवे जगातली पहिली नव्हे

‘१९०४ साली न्यूयॉर्कमध्ये जगातली पहिली भुयारी रेल्वे धावली आणि तिथल्या उन्नत रेल्वेचा गाशा गुंडाळला गेला,’ असा मेसेज सध्या फिरतोय. त्यातलं साल तेवढं बरोबर आहे.

पहिला मान लंडनचा. तिथे १८६३ मध्येच पॅडिंग्टन ते फॅरिंग्डन भुयारी गाडी सुरू झाली, तीही वाफेच्या इंजिनावर! अमेरिकेपुरतं बोलायचं तरी बोस्टनने १८९७ मध्ये बाजी मारली होती.

न्यूयॉर्कची सबवे २७ ऑक्टोबर १९०४ रोजी सुरू झाली. महापौर मॅक्लेलन यांनी उद्घाटनापुरता हात लावायचा होता. पण गडी रंगात आला आणि सिटी हॉलपासून थेट १०३व्या स्ट्रीटपर्यंत स्वतःच गाडी हाकत गेला.

उन्नत रेल्वेचं म्हणाल, तर तेव्हा ती जोरात होती. सबवे चालवणाऱ्या आयआरटी कंपनीनेच मॅनहॅटनच्या उन्नत मार्गांचा ताबा १९०३ मध्ये भाडेकराराने घेतला होता. थर्ड अ‍ॅव्हेन्यूवरची मॅनहॅटनमधली गाडी तर १९५५ पर्यंत धावली. ब्रूकलिन, क्वीन्स, ब्राँक्समध्ये आजही ‘सबवे’चे कितीतरी मार्ग लोखंडी खांबांवरूनच जातात.