सीडीएच१चा अहवाल म्हणजे पेशींच्या जोडाचा अहवाल नव्हे

सध्या एक मजकूर बराच फिरतो आहे. पेशींना एकमेकींशी जोडणारी प्रथिने म्हणजे शरीराचा गोंद. त्यांची जनुके वाचली की गोंद पक्का की कच्चा ते कळते. आणि ई-कॅडहेरिन या अशाच एका प्रथिनाच्या सीडीएच१ जनुकात बिघाड निघाला तर पोटाचा कर्करोग ठरलेलाच. एकेक दावा तपासू.

"गोंद" हा शब्दच फसवा आहे. ई-कॅडहेरिनचे पेशीबाहेर पाच खंड असतात आणि दोन खंडांमधल्या प्रत्येक सांध्यात तीन कॅल्शियम आयन बसतात, म्हणजे एकूण बारा. ते काढले की ताठ दांडा लुळा पडतो. पेशी सोडवायला ट्रिप्सिन हे प्रथिने कापणारे विकर देताना द्रावात १ मिलिमोलर कॅल्शियम असेल तर कॅडहेरिन बऱ्यापैकी शाबूत राहते आणि पेशी पुंजक्यांनी निघतात; कॅल्शियम पकडून ठेवणारे ईडीटीए घातले तर तेच प्रथिन कापले जाते आणि पेशी सुट्या होतात. जनुक तेच, पेशी त्याच. म्हणूनच ट्रिप्सिन-ईडीटीएने सोडवलेल्या पेशींवर लगेच ई-कॅडहेरिन मोजून "नाही" असा निष्कर्ष काढणे ही नेहमीची चूक आहे. नवे प्रथिन पृष्ठभागावर यायला काही तास द्यावे लागतात.

"जनुक ठीक तर जोड ठीक" हेही नाही. कॅडहेरिनचे आतले शेपूट बीटा-कॅटेनिनला, ते अल्फा-कॅटेनिनला आणि ते पेशीच्या सांगाड्यातल्या ॲक्टिनच्या धाग्यांना धरते. अल्फा-कॅटेनिनच्या सीटीएनएनए१ जनुकात दोष असेल तर सीडीएच१ निर्दोष असूनही जोड ढिला पडतो. शिवाय सीडीएच१च्या प्रमोटरवर (जनुक चालू-बंद करणाऱ्या भागावर) मेथिलेशन झाले, म्हणजे मिथिल नावाच्या रासायनिक खुणा चिकटल्या, तर जनुक गप्प बसते, पण डीएनएची अक्षरे बदलत नाहीत. ही अक्षरे वाचणाऱ्या साध्या सिक्वेन्सिंगचा अहवाल "सामान्य" येतो. ते पकडायला मेथिलेशन उघड करणारी बायसल्फाइट प्रक्रिया लागते, आणि प्रथिन खरोखर आहे का हे पाहायला ऊतीच्या कापावर प्रतिपिंडाचे रंगकाम.

"बिघाड म्हणजे कर्करोग ठरलेला" हा दावा सर्वात घातक. सीडीएच१ आणि पोटाच्या कर्करोगाचा हा संबंध १९९८ मध्ये न्यूझीलंडमधल्या माओरी कुटुंबांत उघड झाला. आयुष्यात हा कर्करोग होण्याचे त्यानंतरचे जुने अंदाज पुरुषांत ७० टक्क्यांपर्यंत जात, कारण अभ्यासाला कुटुंबेच अशी निवडली होती की ज्यांत रुग्ण बरेच होते. २०१९च्या अभ्यासांतले अंदाज पुरुषांत ४० टक्क्यांच्या आसपास, स्त्रियांत २५ ते ३३ टक्के होते. हा धोकाही लहान नव्हे: या आजाराचे सुरुवातीचे ठिपके वरच्या अस्तराखाली दडतात आणि एंडोस्कोपीत सुटतात. स्त्रियांना लोब्युलर (दूधग्रंथींच्या) स्तनकर्करोगाचाही धोका असतो. मात्र "अर्थ अनिश्चित" असा शेरा असलेल्या व्हेरियंटला, म्हणजे जनुकातल्या बदलाला, हे आकडे लावू नयेत. उलट बाजूही पाहा: स्तनाच्या डक्टल (दूधनलिकांच्या) कर्करोगात ई-कॅडहेरिन बहुधा टिकून असते, तरी तो पसरतो.

"मग एकेका पेशीचा आरएनए (चालू जनुकांची प्रत) वाचा", असा पुढचा सल्ला असतो. इथेच घोडं पेंड खातं. सुटी पेशी मिळवायला आधी जोडच तोडावे लागतात. ३७ अंश सेल्सियसला अर्धा-एक तास कोलाजिनेज या ऊती विरघळवणाऱ्या विकरात ठेवले की एफओएस, जेयूएन यांसारखी ताणाची जनुके त्या वेळातच चढतात आणि ऊतीचा गुण म्हणून अहवालात येतात. थंडीत, ६ अंशांच्या आसपास, काम करणारे प्रोटीएज (प्रथिने कापणारे विकर) हा त्रास कमी करते. जोड अर्धवट तुटला तर दोन पेशी एकच म्हणून मोजल्या जातात; ४० मायक्रॉनची चाळणी पुंजके अडवते, पण १० ते १५ मायक्रॉनच्या दोन पेशींची जोडी तिच्यातून सहज निसटते.

मेंदूच्या पेशींत तर याहून गंमत. माणसाच्या ५व्या गुणसूत्रावर प्रोटोकॅडहेरिन या कॅडहेरिनच्या भाऊबंद प्रथिनांची ५३ जनुके तीन गटांत बसलेली आहेत आणि प्रत्येक चेतापेशी त्यांतली आपापली निवड करते. अल्फा आणि गॅमा गटांत शेवटचे तीन एक्झॉन (जनुकाचे आरएनएत टिकणारे तुकडे) गटातल्या बहुतेक सगळ्यांना सामाईक. आरएनएचे फक्त शेवटचे टोक मोजणारी पद्धत त्यामुळे गट सांगते, सदस्य नाही. सदस्य हवा असेल तर पूर्ण लांबीचा आरएनए वाचावा लागतो.