‘लेटेस्ट’ म्हणजे नेमकी कोणती?

शनिवारी रात्री साडेनऊला जेवण आटोपून मी संगणकासमोर बसलो आणि रविवारी पहाटे पावणेदोनला उठलो. या सव्वाचार तासांत मी ‘स्कायरिम’ हा खेळ एक मिनिटही खेळलेलो नाही. मी वाचत होतो. एका मॉडचे, म्हणजे हौशी लोकांनी खेळाला बाहेरून जोडलेल्या भरीचे, वर्णन वाचत होतो, त्या वर्णनात ‘हे आधी बसवा’ म्हणून सांगितलेल्या चार मॉडांची वर्णने वाचत होतो, आणि त्या चारांपैकी दोघांनी ज्यांच्याकडे बोट दाखवले होते त्यांचीही वाचत होतो. अकराच्या सुमारास तांब्या भरायला उठलेल्या आईने मागून पडद्याकडे पाहिले आणि काळजीने विचारले, “शनिवारीसुद्धा ऑफिसचं काम दिलंय का रे?” मी हो म्हणालो, कारण एका काल्पनिक तळ्याकाठी एक काल्पनिक घर बसत नाही म्हणून मी जागा आहे, हे चाळिशीच्या माणसाला आईसमोर सांगवत नाही.

आता ऑफिसचा विषय निघालाच आहे तर सांगून टाकतो. महापेच्या एका कंपनीत लोकांच्या संगणकांवर सॉफ्टवेअर बसवून देणे आणि ते बिघडले की त्यांची बोलणी खाणे हा गेली चौदा वर्षे माझा पोटापाण्याचा धंदा आहे, त्यामुळे ‘याला जमत नाही म्हणून हा चिडतो’ असा सोयीस्कर समज कोणी करून घेऊ नये. कोणती फाइल कोठे ठेवायची, कोणती फाइल कोणत्या फाइलला झाकते, लोड ऑर्डर म्हणजे मॉड सुरू होण्याचा क्रम कसा लावायचा, दोन मॉड एकाच दगडावर हक्क सांगू लागले की त्यांची समजूत कशी घालायची, हे सगळे मला येते आणि त्यात मला गंमतही वाटते. खेळ ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये ठेवू नये, हे शहाणपण मला फार पूर्वी ठेच लागून आलेले आहे. माझा राग एका शब्दावर आहे, आणि तो शब्द म्हणजे ‘लेटेस्ट’.

कोणत्याही मॉडचे पान उघडावे, तर आवश्यक गोष्टींच्या मथळ्याखाली लिहिलेले असते: स्क्रिप्ट एक्स्टेंडर (मॉडांना खेळाच्या पोटात शिरू देणारा जोडप्रोग्राम), लेटेस्ट, अ‍ॅड्रेस लायब्ररी, लेटेस्ट, खेळ, अर्थातच लेटेस्ट. अहो, पण केव्हाची लेटेस्ट? तुम्ही हे वाक्य लिहिले त्या दिवशीची, की मी ते वाचतो आहे त्या दिवशीची? ठाण्याच्या ९ किंवा १० क्रमांकाच्या फलाटावर उभ्या असलेल्या, नेरूळला निघालेल्या पाहुण्याला कोणी ‘जी लेटेस्ट येईल ती पकडा’ असे सांगितले, तर तो तुर्भ्यापर्यंत मजेत जाईल आणि गाडी वाशीकडे वळल्यावर कपाळावर हात मारून घेईल. आमच्या ट्रान्स-हार्बर लोकलमार्गावर शाळकरी पोरसुद्धा ‘वाशी की पनवेल’ हे विचारल्याखेरीज डब्यात पाय ठेवत नाही. आणि येथे शेकडो तास खपून अख्खे गाव उभारणाऱ्या माणसाला पाटीवर गाडीचे नाव लिहावेसे वाटत नाही.

हा नुसता शब्दांचा कीस नाही. ‘स्कायरिम’ ११ नोव्हेंबर २०११ रोजी आला, त्याची स्पेशल एडिशन २८ ऑक्टोबर २०१६ रोजी आली, आणि नोव्हेंबर २०१९मध्ये ती १.५.९७ या आवृत्तीवर येऊन थांबली. पुढची दोन वर्षे खेळ जागचा हलला नाही, त्यामुळे त्या दोन वर्षांत ज्यांनी ‘लेटेस्ट’ लिहिले त्यांना मी माफ करायला तयार आहे. मग ११ नोव्हेंबर २०२१ रोजी, खेळाच्या दहाव्या वाढदिवशी, अ‍ॅनिव्हर्सरी एडिशन आली, खेळाची मुख्य फाइल नव्या कंपायलरने, म्हणजे प्रोग्राम यंत्राच्या भाषेत उतरवणाऱ्या साधनाने, पुन्हा बांधली गेली आणि १.६ची शाखा सुरू झाली. स्क्रिप्ट एक्स्टेंडरच्या आधाराने चालणारे मॉड खेळाच्या पोटातले अमुक काम अमुक पत्त्यावर चालते असे धरून तेथे शिरतात. इमारत पुन्हा बांधली की खोल्यांचे क्रमांक बदलतात, आणि जुना क्रमांक हातात घेऊन आलेला पाहुणा भलत्याच दारातून आत जातो. त्याचा परिणाम म्हणजे पडदा क्षणभर काळा होतो आणि आपण एक अक्षरही न बोलता डेस्कटॉपवर परत येतो. ५ डिसेंबर २०२३ रोजी १.६.११३० आली आणि पुढच्याच महिन्यात १.६.११७०, तेव्हा पुन्हा धावपळ झाली. आज परिस्थिती अशी आहे, की खेळ १.५.९७ असेल तर एक्स्टेंडर २.०.२० लागतो, १.६.६४० असेल तर २.२.३ लागतो, १.६.११७० असेल तर २.२.६ लागतो, आणि यांतला एक दुसऱ्याच्या जागी चालत नाही. अ‍ॅड्रेस लायब्ररी ही तर या पत्त्यांचीच वही आहे, आणि तिच्याही १.५साठी एक व १.६साठी दुसरी अशा दोन वह्या एकाच पानावर शेजारी शेजारी ठेवलेल्या आहेत. एवढे सगळे ज्या पोटात दडले आहे, तो शब्द म्हणजे ‘लेटेस्ट’. कंपनीने आपला खेळ सुधारू नये असे मी म्हणत नाही, तो तिचा हक्क आहे. पण पाच आकडे लिहायला किती शाई लागते?

मी स्वतः १.५.९७वर राहिलो, कारण माझे १४२ मॉड त्या आवृत्तीवर गुण्यागोविंदाने नांदत होते. खेळ नेहमी एक्स्टेंडरच्या वेगळ्या फाइलवरून सुरू करायचा, ज्या अ‍ॅपमधून खेळ घेतला त्यातले हिरवे बटण चुकूनही दाबायचे नाही, आणि ‘खेळ सुरू करतानाच अपडेट करा’ हा पर्याय निवडून ठेवायचा, हे पथ्य मी वर्षानुवर्षे पाळले. मग दिवाळीत डोंबिवलीहून भाचा राहायला आला. मी फराळाचे डबे पोहोचवायला शेजारी गेलो तेवढ्या वेळात त्याने ते बटण दाबले, आणि मी परत आलो तेव्हा अपडेट उतरून बसलेले होते. “मामा, मी फक्त प्ले दाबलं, बाकी कशालाच हात लावला नाही,” असे तो रडवेल्या चेहऱ्याने म्हणाला, आणि ते शंभर टक्के खरे होते. डाउनग्रेड करण्याच्या साधनाने खेळ पुन्हा १.५.९७वर आणायला माझे दोन दिवस गेले. त्या साधनाच्या कर्त्याने मात्र कोणत्या आवृत्तीवरून कोणत्या आवृत्तीवर जाता येते ते पहिल्याच ओळीत लिहिले होते, त्याबद्दल त्याचे कल्याण असो.

आता त्या घराकडे वळतो. तळ्याकाठचे, दोन खोल्यांचे, चूल असलेले एक साधे घर आहे. मॉडचे नाव मुद्दाम सांगत नाही. त्याच्या वर्णनात २१ छायाचित्रे आहेत, घर बांधताना कोणती गाणी ऐकली ते आहे, मांजरीचे आभार आहेत, आणि आवश्यक गोष्टींखाली त्या चार मॉडांच्या नावांपुढे फक्त एवढेच आहे, की बाकी काही नको, खेळ लेटेस्ट असला म्हणजे झाले. मी ते बसवले, तर खेळ मुख्य पडद्यापर्यंतही पोहोचेना. पहिला अख्खा शनिवार मी माझ्या १४२ मॉडांवर संशय घेण्यात घालवला. निम्मे बंद करून पाहिले, मग उरलेले निम्मे, मग त्यांतले निम्मे, जसे आपण घरातला फ्यूज उडाला की एकेक बटण बंद करून पाहतो तसे. दुसऱ्या शनिवारी ती फाइल एक्सएडिट या मॉडच्या फाइली उघडून पाहण्याच्या साधनात उघडली, तेव्हा तिच्या माथ्यावरचा आकडा १.७१ असल्याचे दिसले आणि ट्यूब पेटली. हलक्या प्रकारच्या मॉड फाइलमध्ये पूर्वी २०४८ नव्या नोंदी मावत असत, १.६.११३०पासून ती मर्यादा ४०९६ झाली, आणि ही नवी सवलत वापरणाऱ्या फाइलच्या माथ्यावर १.७०ऐवजी १.७१ असा शिक्का बसू लागला. जुन्या खेळाला हा शिक्का वाचता येत नाही. त्यावर उपायही आहे, जुन्या खेळाला नवा शिक्का वाचायला शिकवणारा एक लहानसा मॉड मिळतो आणि तो बसवायला दोन मिनिटे पुरतात. त्या दोन मिनिटांच्या उपायाचे नाव वर्णनात असते, तर माझे दोन शनिवार वाचले असते. पण तेथे मांजरीचे नाव होते.

तिसऱ्या शनिवारी, म्हणजे ज्या रात्री आईने मला ऑफिसच्या कामात गढलेले पाहिले त्या रात्री, घर उभे राहिले. चूल मात्र पेटेना. चूल पेटवण्याचे काम सोबतची एक डीएलएल फाइल, म्हणजे एक्स्टेंडरच्या आधाराने चालणारा प्रोग्रामचा तुकडा, करते, आणि ती फाइल फक्त १.६साठी बांधलेली आहे, ही गोष्ट मला एक्स्टेंडरच्या नोंदवहीतून, रात्री एक वाजता, एका ओळीच्या नापसंतीवरून कळली. घर मिळाले आणि चूल पेटत नाही, असे म्हणायची वेळ यापूर्वी माझ्या आजोबांवर गिरणी बंद पडली तेव्हा आली होती.

यावर अनुभवाने मी एक युक्ती शिकलो आहे, आणि ती सांगताना मला स्वतःचीच कीव येते. मॉडची फाइल कोणत्या तारखेला चढवली ते पानावर दिसते. ती तारीख ११ नोव्हेंबर २०२१च्या अलीकडची की पलीकडची, ५ डिसेंबर २०२३च्या आधीची की नंतरची, हे पाहून लिहिणाऱ्याच्या मनातला ‘लेटेस्ट’ कोणता असावा याचा अंदाज बांधायचा. म्हणजे मॉड उतरवण्यापूर्वी मला तिथी पाहावी लागते. भिंतीवरच्या कालनिर्णयशेजारी मी या तारखांचा एक कागद चिकटवला आहे, आणि घरात पूजेला आलेल्या गुरुजींनी तो अत्यंत आस्थेने वाचला.

असे काही बोलले की लगेच ऐकवले जाते, की लोक हे काम फुकट करतात, तुम्ही तक्रार कसली करता. फुकट करतात हे मान्य आहे, आणि माझ्या १४२ मॉडांपैकी एकाचीही किंमत मी दिलेली नाही हेही मान्य आहे. पण पाणपोई फुकट असते म्हणून रांजणात कालचे पाणी आहे की आजचे, हे विचारणाऱ्याला कोणी कृतघ्न म्हणत नाही. मी नवे काही मागत नाही, जुन्या खेळासाठी वेगळी फाइल करा असेही म्हणत नाही. तुम्ही ज्या खेळावर हे तपासून पाहिले त्याचा आकडा लिहा, एवढेच मागतो, आणि तो आकडा खेळाच्या मुख्य फाइलवर उजवे बटण दाबून तपशील पाहिला की दिसतो.

शिवाय ज्यांना करायचे असते ते करतात. ‘फॉलआउट लंडन’ हा ‘फॉलआउट ४’वरचा प्रचंड मॉड २३ एप्रिल २०२४ रोजी येणार होता, त्याच आठवड्यात, २५ एप्रिलला, मूळ खेळाचे मोठे अपडेट येणार असे जाहीर झाल्यामुळे तो लांबला आणि अखेर २५ जुलैला आला. त्या मंडळींवर तर अपडेटची कुऱ्हाड थेट पायावर पडली होती. तरी त्यांनी १.१०.१६३ ही आवृत्ती लागेल असे स्वच्छ सांगितले आणि तेथवर परत जाण्याचे साधनही दिले. ‘विचर ३’ या खेळाला १४ डिसेंबर २०२२ रोजी ४.० आवृत्ती आली, तेव्हा तेथल्याही बऱ्याच जणांनी १.३२साठी ही फाइल आणि ४.०साठी ती, अशी सरळ वाटणी केली. शिवाय त्या खेळाची स्क्रिप्ट अडली, तर कोणत्या फाइलच्या कितव्या ओळीत अडली ते तो खिडकी उघडून सांगतो. मरताना निदान दोन शब्द बोलून मरणारा खेळ मला त्यामुळेच प्रिय आहे.

घराच्या कर्त्याला मी अत्यंत नम्रपणे, त्याच्या छायाचित्रांची आणि मांजरीचीही स्तुती करून, विचारले होते की आपण हे खेळाच्या कोणत्या आवृत्तीवर तपासले आहे. चौथ्या दिवशी संध्याकाळी, रबाळे आणि घणसोलीच्या मध्ये, एका हाताने कडी धरलेली असताना उत्तर आले: लेटेस्टवर. त्याखाली तिसऱ्याच कोणा सद्गृहस्थाने आपणहून भर घातली होती, की माझ्याकडे तर व्यवस्थित चालते. मी घणसोलीला उतरायचे विसरलो आणि कोपरखैरण्याहून रिक्षा करून घरी आलो.

काल रात्री त्या घराची नवी फाइल आली आहे. तिचा क्रमांक पूर्वीसारखाच १.० आहे आणि काय बदलले या रकान्यात ‘किरकोळ दुरुस्त्या’ एवढेच लिहिलेले आहे. सोबत कर्त्याने अशीही सूचना केली आहे, की ज्यांना या फाइलने अडचण येईल त्यांनी खुशाल मागची फाइल वापरावी. मागची फाइल त्याने काढून टाकली आहे.