जोसेफिनचा मान आणि फडातली उचल

जत्रेतल्या एखाद्या मुलीच्या नाचाचा व्हिडिओ फिरायला लागला की महाराष्ट्रात ठरलेला वाद सुरू होतो. ही लावणी की लावणीच्या नावाखाली चाललेली अश्लीलता? नऊवारी कुठे गेली? बंदी घाला! पॅरिसमध्ये बसून हे वाचताना मला दर वेळी जोसेफिन बेकर आठवते.

सेंट लुईसमध्ये १९०६ साली गरीब कृष्णवर्णीय घरात जन्मलेली ही मुलगी १९२५ मध्ये पॅरिसला आली. पुढच्याच वर्षी फोली बेर्जेर या म्युझिक हॉलमध्ये ती खोट्या केळ्यांचा घागरा नेसून नाचली आणि शहर वेडं झालं. तो घागरा म्हणजे गोऱ्या प्रेक्षकाच्या मनातली आफ्रिका. जोसेफिनने काय केलं? ऐन नाचात डोळे तिरळे केले, गाल फुगवले, विदूषकासारखे हातपाय वेडेवाकडे फेकले. नुसतं अंग बघायला आलेल्या माणसाला तिने हसायला लावलं. लगाम तिच्या हातात आला तो असा. १९२८ मध्ये व्हिएन्नात धर्मगुरू तिच्याविरुद्ध उभे राहिले, तेव्हाही तिने कार्यक्रम केलाच. १९३७ मध्ये ती फ्रेंच नागरिक झाली आणि युद्धात स्वरलिपीच्या कागदांवर अदृश्य शाईने लिहिलेली गुप्त माहिती तिने सीमेपार नेली.

इथपर्यंतची गोष्ट फ्रान्स अभिमानाने सांगतो. पुढची मला जास्त महत्त्वाची वाटते. बारा दत्तक मुलं, दोर्दोन्यमधला मोठा वाडा, वाढत गेलेलं कर्ज. १९६९ मध्ये तिला त्या वाड्याबाहेर काढलं. स्वयंपाकघराच्या पायरीवर ब्लँकेट घेऊन बसलेल्या जोसेफिनचा फोटो आजही बघवत नाही. मोनॅकोच्या राजघराण्यातल्या ग्रेसने आसरा मिळवून दिला. एप्रिल १९७५ मध्ये, अडुसष्टाव्या वर्षी, ती बोबिनो थिएटरात पुन्हा उभी राहिली आणि शुभारंभानंतर चौथ्या दिवशी गेली. पॅन्थिऑनमध्ये, म्हणजे फ्रान्सच्या थोर व्यक्तींच्या स्मारकात, तिला जागा मिळाली ती २०२१ मध्ये. त्याच वर्षी बोबिनोजवळच्या गेते मेट्रो स्थानकाच्या पाटीवर तिचं नाव लागलं. तेव्हा फ्रान्स कलावंतांना जपतो आणि आपण नाही, असं सरसकट म्हणणं मला पटत नाही.

विठाबाई नारायणगावकरांचं काय झालं? राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान झालेल्या या तमाशा कलावतीची अखेरची वर्षं हलाखीत गेली. २००२ मध्ये त्या गेल्या. आज राज्य सरकार त्यांच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार देतं. ज्या जातींनी तमाशा जगवला त्यांच्या बायकांकडे गाव कसं बघतं, हे सगळ्यांना ठाऊक आहे, आणि सभ्यतेच्या चर्चेत नेमकं तेच कुणी बोलत नाही. २००५ मध्ये सरकारने डान्सबारवर बंदी घातली. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती बेकायदा ठरवली. मधल्या वर्षांत तिथे नाचणाऱ्या बायकांच्या घरी चूल कशी पेटत होती, याचा हिशेब कुणी मांडला?

फ्रान्सकडून घ्यायची गोष्ट पॅन्थिऑन नाही. घ्यायचा तो इथला एक रूक्ष नियम. बारा महिन्यांत ५०७ तास रंगमंचावर काम केल्याची नोंद असली, की नर्तकीला दोन कामांमधल्या रिकाम्या दिवसांत बेकारी भत्ता मिळतो. कॅबरेत पिसं लावून नाचणारी आणि ऑपेरात गाणारी, दोघींना नियम एकच. तिने काय नेसलं होतं, हे त्या अर्जावर कुणी विचारत नाही.

आपल्याकडे नारायणगावला तमाशा फडांच्या राहुट्यांमध्ये, म्हणजे तंबूंमध्ये, गावोगावचे पंच येऊन जत्रेच्या कार्यक्रमांच्या सुपाऱ्या ठरवतात. तिथे करार होतो तो फडमालकाशी. पंचांनी दिलेल्या रकमेतून थोडा भाग फडातल्या प्रत्येकीच्या नावावर जमा व्हावा, तिच्या रात्रींची नोंद राहावी, पावसाळ्यात फड बंद असताना तिला त्यातून पैसे मिळावेत, ही मागणी अवाजवी आहे का? फ्रान्स श्रीमंत आहे म्हणून त्याला परवडतं, असं म्हणणाऱ्यांना सांगते, हा भत्ता दानधर्म नाही. तो वर्गणीतून उभा राहतो आणि कलावंतांनी तो भांडून टिकवला आहे. २००३ मध्ये सरकारने अटी कडक करायला घेतल्या तेव्हा ते संपावर गेले आणि आव्हीन्यों नाट्यमहोत्सव रद्द करावा लागला. आपल्या फडातल्या बाईला असा संप करायचा म्हटलं, तर आधी तिला मालकाकडून आगाऊ घेतलेली उचल फेडावी लागेल.